गाणं कुणाच्या नावावर?

(वेगवेगळ्या गटांच्या कलापथकांचं एकत्रित शिबिर झालं. त्यात ‘गाणी आणि आपण’ या सत्रात केलेल्या भाषणाचं हे शब्दांकन.)

मैत्रिणींनो,

मला आयोजक मैत्रिणींनी सांगितलं, “ताई, तुम्ही चळवळीच्या गाण्यांवर बोला.” पस्तीस वर्षं मी ढोलकी वाजवते आहे. त्यामुळे त्यांना वाटलं असणार, मी ओव्यांवर, पोवाड्यांवर, मोर्च्यातल्या गाण्यांवर बोलेन. पण आज मी एका इंग्रजी गाण्याबद्दल बोलणार आहे. तेही यंत्रांवर बांधलेल्या, पॉप म्हणतात तसल्या गाण्याबद्दल. हसू नका. ज्यांना इंग्रजी येत नाही त्यांनी घाबरूही नका. मलाही ते पहिल्यांदा ऐकलं तेव्हा शब्दाने कळलं नव्हतं.

झालं असं. २०२२ च्या जूनमध्ये आमच्या गटातल्या एका मैत्रिणीची कॉलेजात शिकणारी मुलगी कार्यालयात आली होती. पावत्या लावता लावता तिने फोनवर एक गाणं लावलं आणि म्हणाली, “मावशी, हे ऐक. सदतीस वर्षांपूर्वीचं गाणं आहे आणि आज इंग्लंडमध्ये पहिल्या नंबरावर आहे.” मी ऐकलं. माझं लक्ष अर्थातच तालाकडे गेलं. घोडा दौडावा तसा ठेका. त्याच्याखाली सुरुवातीपासून एकच सूर न थांबता चाललेला. जात्याची घरघर असते ना, तसा. ओवी त्या घरघरीवर उभी असते, तसं हे गाणं त्या सुरावर उभं होतं.

मी विचारलं, “हा ढोल कोण वाजवतंय?” ती म्हणाली, “बराचसा मशीन वाजवतंय मावशी.” मी विचारलं, “आणि मशीन कोण चालवतंय?” तिने फोनवर वाचलं आणि म्हणाली, “गाणं तिचंच, संगीत तिचंच, मुख्य मशीन तिचंच, आणि निर्मातीही तीच.”

हे ऐकून मी गप्प झाले. का, ते सांगते.

१९९४ साली आपल्या राज्याचं पहिलं महिला धोरण आलं. त्याच सुमाराला आमच्या गटाने ठरवलं, आपल्या गाण्यांची कॅसेट काढायची. वर्गणी काढली. शहरातल्या एका स्टुडिओत चार तासांची शिफ्ट घेतली. आम्ही अकरा जणी, एक ढोलकी, एक हलगी, दोन झांजा. काचेच्या पलीकडे बसलेला रेकॉर्डिंग करणारा गृहस्थ तसा वाईट नव्हता. पण त्याने पहिलं वाक्य बोललं ते असं : “गाणी तुमची, मशीन माझं. बटणांना हात लावायचा नाही.” ऐकताना ढोलकी फार मागे वाटली म्हणून मी म्हटलं, “दादा, ढोलकी जरा पुढे घ्या.” तो म्हणाला, “बायकांच्या गाण्यात ढोलकी एवढी पुढे बरी नाही वाटत.” आणि आम्ही घरी गेल्यावर कुणा मुलाला बोलावून त्याने आमच्या गाण्यांवर गोड गोड की-बोर्ड भरला. आमच्या मोर्च्याच्या गाण्याला लग्नाच्या वरातीची कळा आली!

यात आमच्या आक्कांचं एक गाणं होतं. आक्का बाजारात भाजी विकत. नवरा गेल्यावर दिरांनी जमीन आपल्या नावावर करून घेतली. तलाठ्याच्या कचेरीत खेटे घालताना, बाकावर बसल्या बसल्या त्यांनी ते गाणं रचलं होतं. नाव होतं ‘सातबाऱ्यावर माझं नाव’. आम्ही ते पहिलं ठेवलं होतं. कॅसेटच्या प्रती काढायला ज्यांनी पैसे उसने दिले, ते म्हणाले, “असलं नाव वाचून कोण पुरुष कॅसेट घरी नेईल?” आम्ही रात्री बसलो, वाद घातला आणि शेवटी कबूल झालो. गाण्याचं नाव झालं ‘शेताचं गाणं’. ते गेलं दुसऱ्या बाजूला, सगळ्यात शेवटी. आणि वेष्टणावर सगळ्याच गाण्यांसमोर छापून आलं, ‘गीत : पारंपरिक’.

आक्का तेव्हा नुकत्याच साक्षरता वर्गात अक्षरं शिकल्या होत्या. कॅसेट हातात आल्यावर त्यांनी एकेका ओळीवर बोट ठेवून सगळी यादी वाचली. मग माझ्याकडे बघून म्हणाल्या, “माझं गाणं नाही का घेतलं?”

सातबाऱ्यावरून एकदा नाव गेलं होतं. आता गाण्यावरूनही गेलं. आणि हे दुसरं नाव आपणच काढलं होतं, आपणच, स्त्रीमुक्तीच्या गटाने. म्हणून त्या मुलीने “मशीनही तिचंच” असं म्हटल्यावर मला त्या बाईबद्दल सगळं जाणून घ्यावंसं वाटलं. मुलीने मला वाचून दाखवलं, जुन्या मुलाखती ऐकवल्या, अर्थ सांगितला. त्यातलं आपल्या उपयोगाचं जे आहे ते आज तुमच्यापुढे ठेवते.

या गायिकेचं नाव केट बुश. जन्म १९५८, इंग्लंडमधला. वडील डॉक्टर, आई आयर्लंडहून आलेली परिचारिका. लहानपणापासून पियानोवर स्वतःची गाणी रचायची. १९७८ साली, वयाच्या एकोणिसाव्या वर्षी, तिचं ‘वदरिंग हाइट्स’ हे गाणं ब्रिटनमध्ये पहिल्या क्रमांकावर गेलं. स्वतः लिहिलेल्या गाण्याने तिथे पहिल्या क्रमांकावर पोचलेली ती पहिली स्त्री. १९७८ साली पहिली! म्हणजे त्याआधी बायका गात नव्हत्या का? गात होत्या, भरपूर गात होत्या. पण गाणी लिहिणारे, चाली देणारे, यंत्रांपुढे बसणारे बहुतेक पुरुष होते. बाईचा गळा चालत होता, बाईचा हात चालत नव्हता.

हे यंत्रांचं प्रकरण तर फारच बोलकं आहे. त्याच देशात बीबीसीने १९५८ साली यंत्रांतून आवाज तयार करणारा विभाग काढला. तो काढण्यात डॅफ्नी ओरम या बाईचा मोठा वाटा होता. पुढच्याच वर्षी ती तिथून बाहेर पडली. तिने स्वतःचा स्टुडिओ उभारला आणि फिल्मच्या पट्ट्यांवर रेषा काढून त्यांतून संगीत निर्माण करणारं यंत्र घडवलं. डेलिया डर्बीशायर नावाची दुसरी बाई गणित आणि संगीत शिकून एका मोठ्या रेकॉर्ड कंपनीत नोकरी मागायला गेली. तिला सांगण्यात आलं, ध्वनिमुद्रणाच्या खोलीत आम्ही बायकांना नोकरीवर घेत नाही. मग ती बीबीसीच्या त्याच विभागात आली. १९६३ साली ‘डॉक्टर हू’ या मालिकेचं शीर्षकसंगीत तिने फितीचे तुकडे कापून, जोडून, एकेक सूर मोजून तयार केलं. मूळ चाल रॉन ग्रेनर यांची होती. पण जे कानावर येत होतं ते तिच्या हाताचं होतं, आणि ग्रेनर यांनाही तिला श्रेय मिळावं असं वाटत होतं. विभागाच्या नियमात ते बसलं नाही. २००१ साली डेलिया वारली. पडद्यावर तिचं नाव आलं ते २०१३ साली. आपल्या ‘गीत : पारंपरिक’ची ही इंग्लंडमधली बहीण म्हणायची.

केट बुशच्या वाट्याला थोडे बरे दिवस आले. १९७९ साली ऑस्ट्रेलियात, सिडनीला, ‘फेअरलाइट’ नावाचं यंत्र तयार झालं. एक संगणक, एक पडदा, पडद्यावर टेकवायची प्रकाशाची लेखणी आणि पियानोसारख्या काळ्या-पांढऱ्या पट्ट्या. त्याचं वैशिष्ट्य असं, की कुठलाही आवाज त्यात साठवायचा आणि मग तो पट्ट्यांवर सुरांत वाजवायचा. भांडं पडल्याचा, दार आपटल्याचा, कुणी हाक मारल्याचा. केट बुशने १९८० साली काच फुटल्याचे आवाज यात साठवून एका गाण्यात वापरले. आपल्याकडे घरात काच फुटली तर बाईला बोलणी बसतात. तिथे एक बाई काच फुटल्याचं संगीत करत होती!

यंत्र भयंकर महाग होतं. घराच्या किमतीशी तुलना व्हावी इतकं. तेव्हा हे काही गरीब बाईचं साधन नव्हतं, हे आधीच सांगून टाकते. पण ज्या बाईकडे ते आलं तिने त्याचं काय केलं, हे बघण्यासारखं आहे.

१९८२ साली तिने पहिल्यांदा एक पूर्ण तबकडी स्वतःच्या निर्मितीखाली केली. एकामागून एक स्टुडिओ भाड्याने घेऊन केली. भाडं तासावर, घड्याळ डोक्यावर. ती तबकडी आधीच्यांसारखी खपली नाही. कंपनी नाराज झाली. आपल्याकडे काय होतं? एखादीने संस्थेचा हिशोब पहिल्यांदा हातात घेतला आणि चूक झाली, की लगेच म्हणतात, “बघा, सांगितलं होतं.” मग ती वही परत पुरुषाकडे जाते. केट बुशने उलट केलं. ती लंडनच्या धावपळीतून बाहेर पडली आणि आईवडिलांच्या जुन्या शेतघराच्या आवारात, धान्याच्या कोठारात, स्वतःचा स्टुडिओ बांधून घेतला. म्हणजे आता घड्याळ बघणारं कोणी नाही. रात्री दोन वाजता चाल सुचली तर रात्री दोन वाजता वाजवून बघायची. चुकली तर पुसायची. चूक करायला जागा आणि वेळ असणं ही केवढी चैन आहे, हे आपल्यापैकी जिला स्वयंपाकघरातल्या ओट्यावर पत्रकं लिहावी लागली आहेत, तिला विचारा.

त्या काळात, १९८३ साली, एका संध्याकाळी तिने हे गाणं रचलं. योगायोग बघा, त्याच वर्षी आपल्याकडे ‘मुलगी झाली हो’ रंगमंचावर आलं. तिचा तेव्हाचा जोडीदार डेल पामर बेस गिटार वाजवायचा आणि ध्वनिमुद्रणही करायचा. त्याने तालाच्या यंत्रावर तो दौडता ठेका बसवून दिला. तिने फेअरलाइटवर ती मधली, सारखी परत येणारी, हाक मारल्यासारखी सुरावट वाजवली. पुढे खरा ढोलवादक आला, गिटारवाला आला, तिच्या भावाने बालालायका नावाचं रशियन तंतुवाद्य वाजवलं. पण एक गोष्ट तिने मुद्दाम केली. आधीच्या वेळी घरी कच्चं केलेलं गाणं स्टुडिओत पुन्हा नव्याने वाजवलं, की त्यातला जीव जायचा. म्हणून या वेळी तिने घरचं कच्चं मुद्रणच पाया म्हणून ठेवलं आणि त्याच्यावर बाकीचं रचत गेली. पुरुष होते, मदतीला होते, चांगले कसबी होते. पण शेवटी काय पुढे घ्यायचं, काय मागे, हे ती ठरवत होती.

आता गाण्यात आहे काय? गाण्याचं नाव ‘रनिंग अप दॅट हिल’, म्हणजे ‘ती टेकडी धावत चढताना’. पण तिने दिलेलं मूळ नाव होतं ‘अ डील विथ गॉड’, देवाशी केलेला सौदा. एक बाई आणि एक पुरुष आहेत. एकमेकांवर प्रेम आहे, पण दोघं एकमेकांना दुखवतात आणि आपण दुखवतो आहोत हे दोघांनाही कळत नाही. तेव्हा बाईला वाटतं, देवाशी करार करावा आणि आमच्या दोघांच्या जागा बदलून घ्याव्या. तो माझ्या जागी, मी त्याच्या जागी. मग कळेल. तिने मुलाखतीत सांगितलं आहे, की आधी सैतानाशी करार असं मनात आलं होतं, गोष्टींमध्ये नेहमी तसंच असतं. पण मग वाटलं, देवाशीच का नको?

मैत्रिणींनो, देवाशी सौदा हा शब्द आपल्याला नवा नाही. आपण त्याला नवस म्हणतो. आपल्या बायकांनी आजवर देवाशी किती सौदे केले! मुलगा होऊ दे, पाच शुक्रवार धरीन. नवऱ्याची दारू सुटू दे, पायी येईन. वडाला फेऱ्या मारून सात जन्म हाच नवरा मागायचा. या सगळ्या सौद्यांत उपास आपला, पाय आपले, आणि मागणं दुसऱ्यासाठी. “देवा, एक दिवस त्याला माझ्या जागी ठेव,” असा नवस कुणी केलेला मी ऐकला नाही. वडाखाली बायका कुजबुजतात, “पुढच्या जन्मी त्याला बाई कर, म्हणजे समजेल.” आपण हसतो आणि सूत गुंडाळून घरी येतो. या गाण्याने ती कुजबूज मोठ्याने म्हटली. आणि सूड म्हणून नाही, शाप म्हणून नाही. समजावं म्हणून. मला हे गाणं आशेचं वाटतं ते यासाठी. जागा बदलली तर माणूस समजू शकतो, एवढा विश्वास त्यात आहे.

पण विश्वास एक आणि व्यवहार एक. जागा बदलण्याचा एक प्रयोग आम्ही केला आहे, त्याची गोष्ट सांगते. एका निवासी शिबिरात ठरलं, की एक पूर्ण दिवस स्वयंपाक पुरुष कार्यकर्ते करतील. केला. पिठलं, भात आणि जाड जाड भाकरी. जेवणं झाल्यावर सगळ्यांनी उभं राहून टाळ्या वाजवल्या. मागून एक म्हातारी म्हणाली, “गेली चाळीस वर्षं मी भाकरी थापते, माझ्यासाठी कुणी टाळी नाही वाजवली.” सगळे ओशाळले. एका दिवसाच्या अदलाबदलीचं हे असंच होतं. ज्याला परत आपल्या जागी जाता येतं, त्याला त्या जागेचं ओझं कळत नाही, फक्त गंमत कळते.

तरी अगदीच वाया गेलं असं मी म्हणणार नाही. रात्रीच्या आढाव्यात त्यांच्यातला एक जण म्हणाला, “मला आज एक कळलं. स्वयंपाकाकडे बसलं की सत्रातलं अक्षर ऐकू येत नाही. म्हणजे तुम्ही शिबिराला येता आणि शिबिर ऐकतच नाही.” पुढच्या शिबिरापासून लाऊडस्पीकरचा एक कर्णा स्वयंपाकाच्या मांडवाकडे तोंड करून लागला आणि स्वयंपाकाच्या पाळ्या सगळ्यांच्या झाल्या. देवाने जागा बदलल्या नाहीत. पण एका माणसाला एक गोष्ट ऐकू आली आणि एका कर्ण्याचं तोंड फिरलं. आशा म्हणजे मी एवढीच म्हणते. कर्ण्याचं तोंड फिरवण्याइतकी.

आता त्या गाण्याच्या नावाचं काय झालं ते ऐका. १९८५ साली तबकडी तयार झाली. कंपनीला आधी दुसरंच गाणं बाजारात आणायचं होतं. ती अडून बसली, हेच आधी. ते मान्य झालं. पण नावावर अडलं. तिला सांगण्यात आलं, की नावात ‘गॉड’ असेल तर धार्मिक वळणाच्या काही देशांत रेडिओवर गाणं वाजवणारच नाहीत. आधीची तबकडी नीट चाललेली नव्हती. एवढ्या कष्टाने केलेलं गाणं कुणाच्या कानावरच पडलं नाही तर काय, हा विचार तिने केला आणि नाव बदलायला ती कबूल झाली. ५ ऑगस्ट १९८५ ला गाणं बाहेर आलं आणि ब्रिटनमध्ये तिसऱ्या क्रमांकापर्यंत गेलं. पुढे आलेली संपूर्ण तबकडी पहिल्या क्रमांकावर गेली. मूळ नाव कंसात राहिलं.

तेव्हा आमच्याच बैठकीची आठवण झाली. तडजोड तिनेही केली, आम्हीही केली. मग आक्कांच्या चेहऱ्याचा मला अजून त्रास का होतो? मी विचार केला तेव्हा फरक कळला. तिचं गाणं होतं, नाव बदलायचं की नाही हे तिने ठरवलं आणि मूळ नाव कंसात का होईना, शिल्लक ठेवलं. आमच्याकडे गाणं आक्कांचं होतं आणि ठरवलं आम्ही. त्या रात्रीच्या बैठकीला आक्कांना बोलावलंच नव्हतं. “पहाटे बाजारात जायचं असतं, कशाला जागवायचं,” असं म्हणून. तडजोड करावी की नाही हा मोठा प्रश्न आहे, परिस्थितीप्रमाणे त्याची उत्तरं वेगळी येतील. पण ज्या बाईचं आहे तिला विचारल्याशिवाय करू नये, यात दुसरं उत्तर नाही.

शेवटचा भाग २०२२ चा. ‘स्ट्रेंजर थिंग्ज’ नावाची अमेरिकन मालिका आहे. तिच्या चौथ्या भागमालिकेत मॅक्स नावाची एक शाळकरी मुलगी आहे. भाऊ गेल्याचं दुःख आणि अपराधीपणा तिला आतून खातो आहे. एक दुष्ट शक्ती तिला ओढून नेत असते. तिचे मित्र तिच्या कानाला हे गाणं लावतात आणि ती त्या अंधारातून आपल्या माणसांकडे धावत परत येते. हे बघून जगभरच्या लहान मुलींनी गाणं शोधून काढलं. जून २०२२ मध्ये ते ब्रिटनमध्ये पहिल्या क्रमांकावर गेलं, बाहेर आल्यापासून सदतीस वर्षांनी. इतक्या वर्षांनी पहिल्या क्रमांकावर पोचलेलं गाणं तोवर नव्हतं. ती तेव्हा त्रेसष्ट वर्षांची होती. तिथे पहिल्या क्रमांकावर आलेली सर्वांत वयस्क स्त्री गायिका म्हणून तिची नोंद झाली. आपल्याकडे चाळिशीनंतर बाईला म्हणतात, आता देवदेव करा. तिने देवाशी सौदा केला होता, त्याचं फळ त्रेसष्टाव्या वर्षी आलं म्हणायचं.

त्या वेळी बीबीसीच्या बायकांसाठीच्या जुन्या कार्यक्रमात, ‘वूमन्स अवर’मध्ये, ती बोलली. ती सहसा मुलाखत देत नाही. तिने पुन्हा साध्या शब्दांत सांगितलं, की बाई आणि पुरुष यांनी जागा बदलून दुसऱ्या बाजूने बघावं, एवढीच मूळ कल्पना होती. आणि आज गाण्याची यादी बघाल तर ‘अ डील विथ गॉड’ हे नाव तिथे लिहिलेलं आहे. आणखी एक महत्त्वाचं. या ध्वनिमुद्रणाचे हक्क तिच्याकडे आहेत. तेव्हा जे गाणं जगभर वाजलं, त्याचा सातबारा, आपल्या भाषेत सांगायचं तर, तिच्या नावावर होता.

तुम्ही विचाराल, आणि विचारायलाच पाहिजे : ही कोण कुठली सुखवस्तू घरातली गोरी बाई, तिचा आपल्याशी संबंध काय? तिला यंत्र परवडलं, कोठार मिळालं, पाठीशी घर होतं. आपल्या बाईला पाणी भरून झाल्यावर श्वास घ्यायला फुरसत नाही. बरोबर आहे. तिने जे केलं ते एकटीने, स्वतःपुरतं केलं. चळवळ म्हणून केलं नाही. देवाशी करार करून समाज बदलत नाही, त्याला कायदा लागतो, संघटना लागते, तलाठ्याच्या कचेरीत पन्नास जणींनी जाऊन बसावं लागतं. हे सगळं खरं आहे. पण त्या गाण्यातली आशा मला फक्त शब्दांत दिसत नाही. ती बाईच्या हातातल्या बटणात दिसते. आपली गाणी शब्दांनी फार आशावादी असतात. पहाट होते, साखळ्या तुटतात, मशाली पेटतात. पण ती छापतं कोण, मुद्रित करतं कोण, हिशोब कुणाकडे, आणि नाव कुणाचं, हे विचारलं की आपण गप्प.

आता सबब उरलेली नाही. जे यंत्र १९८० च्या आसपास घराच्या किमतीचं होतं, त्याचं काम आज वस्तीतल्या मुलीच्या हातातला फोन बऱ्यापैकी करतो. म्हणून माझ्या तीन सूचना आहेत. प्रत्येक कलापथकात निदान दोघी जणींनी मुद्रण शिकून घ्यावं. एकटीला नको, एकटी आजारी पडते, लग्न होऊन जाते. दुसरं, गाणं कुणी रचलं ते लिहून ठेवावं. जात्यावरची जुनी ओवी असेल तर ज्या बाईकडून ऐकली तिचं नाव, गाव, तिला विचारून लिहावं. ‘पारंपरिक’ म्हणून मोकळं होऊ नये. तिसरं, गाण्यात काही बदलायचं असेल तर जिचं गाणं आहे तिच्या सवडीच्या वेळी बैठक घ्यावी. ती पहाटे बाजारात जात असेल तर दुपारी घ्यावी.

आम्ही सुरुवात केली आहे. गेल्या पावसाळ्यात आक्कांचं ते गाणं पुन्हा मुद्रित केलं. आमच्याच कार्यालयात, दारंखिडक्या लावून, आवाज घुमू नये म्हणून भिंतींना गोधड्या टांगून. ती कॉलेजवाली मुलगी फोन आणि एक लहानसं मिक्सर घेऊन बसली होती. आक्का आता पंच्याहत्तरीला आल्या आहेत, आवाज थरथरतो. एकदा गाऊन झाल्यावर मुलीने त्यांच्या कानाला हेडफोन लावला. आक्कांनी डोळे मिटून सगळं ऐकलं आणि म्हणाल्या, “ढोलकी मागे पडलीय गं. जरा पुढे घे.” मुलगी म्हणाली, “आजी, हे बटण आहे. तुम्हीच फिरवा.”

आक्कांनी आधी हात पदराला पुसला. मग बटण फिरवलं. जरा जास्तच फिरवलं. माझी ढोलकी आता त्या गाण्यात भलतीच मोठी वाजते आहे. आम्ही ती तशीच ठेवली आहे. यादीत पहिल्या ओळीवर लिहिलं आहे, ‘सातबाऱ्यावर माझं नाव’, आणि त्याच्यापुढे आक्कांचं पूर्ण नाव. त्यांनी बोट ठेवून वाचलं.

जमीन अजून मिळालेली नाही. केस चालू आहे. पुढच्या तारखेला आम्ही सगळ्या जाणार आहोत, तुमच्यापैकी ज्यांना जमेल त्यांनी या. एवढं बोलून मी थांबते.